भुशावरची जागा

गावात सगळे त्याला भुसेराव म्हणत. हे काही आडनाव नव्हतं, चेष्टा होती. पण ती इतकी वर्षं चालली, की पुढे पुढे बायकोसुद्धा रागावली की "अहो भुसेराव" म्हणायची. लाकूडगिरणीत करवतीखाली जो भुसा पडतो, तो ढकलगाडीत भरायचा आणि गिरणीमागच्या दलदलीत नेऊन ओतायचा, एवढंच त्याचं काम. गिरणीत करवत चालवणाऱ्याला मान होता, ओंडके पारखणाऱ्याला मान होता, अगदी पट्ट्याला तेल घालणारासुद्धा तोऱ्यात चालायचा. भुसा वाहणाऱ्याला कोण विचारतो? केसांत भुसा, कानांत भुसा, जेवणाच्या डब्यात भुसा. संध्याकाळी घरी आला की बायको त्याला दारातच उभा करून सतरंजीसारखा झटकून घ्यायची.

गाव म्हणजे तरी काय, जंगल तोडायला कंपनीने वसवलेलं. खडकाळ उतारावर लाकडी खोल्यांच्या रांगा, एक शाळा, एक दवाखाना, एक दुकान आणि खाली नदीकाठी गिरणी. दिवा कंपनीचा, नळ कंपनीचा, डोक्यावरचं छप्परही कंपनीचंच. काम आहे तोवर खोली. हे भुसेराव लहानपणीच शिकला होता. त्याचा बाप ओंडक्याखाली सापडला, आणि बापाचे धुतलेले कपडे दोरीवरून काढायच्या आत कारकून दारात येऊन म्हणाला, "वहिनी, खोली लागणार आहे. नवा माणूस आलाय." कारकून वाईट नव्हता, बोलताना त्याची मान खाली होती. पण मान खाली घातली म्हणून समोरच्याला घर मिळत नाही. मायलेक सरपण ठेवायच्या शेडमध्ये राहिले, पोरगा गाडी ढकलण्याएवढा होईपर्यंत. तेव्हापासून त्याच्या डोक्यात एकच गोष्ट पक्की बसली, की आपल्याला 'निघा' म्हणणारं कोणी असता कामा नये.

दलदल भरत गेली. गाडीमागून गाडी, वर्षामागून वर्ष. जिथे पूर्वी बेडूक ओरडायचे तिथे आधी गवत आलं, मग शेळ्या चरायला लागल्या. मॅनेजर साहेबांची बदली झाली तेव्हा निरोपाच्या कार्यक्रमात साहेब भलतेच खुशीत होते. "बोल भुसेराव, तुला काय देऊन जाऊ?"

"साहेब, ती दलदल द्या."

असा हशा पिकला, की एकाच्या हातातला चहा दुसऱ्याच्या शर्टावर सांडला. ती जागा कंपनीच्या नकाशात दलदल म्हणूनच होती, तिचा कोणाला उपयोग नव्हता. साहेबांनी ती हसत हसत, पण रीतसर सहीशिक्क्यासकट देऊन टाकली.

भुसेराव मात्र हसला नव्हता. गिरणीतल्या टाकाऊ फळ्या जमवून त्याने तिथे दोन खोल्यांचं घर उभं केलं, भोवती कुंपण घातलं, कुंपणाला फाटक केलं आणि फाटकाला चांगली जाड लोखंडी कडी लावली. पावसात अंगण पायाखाली दबायचं, खुर्चीचे पाय रुतायचे, दार दरवर्षी खालून तासावं लागायचं. "जिवंत जमीन आहे," तो कौतुकाने म्हणायचा. "जिवंत आहे, म्हणूनच पळून चाललीय," बायको म्हणायची. पण तीही मनातून सुखावलेली होती. लेक याच घरात मोठी झाली आणि याच फाटकातून सासरी गेली. अख्ख्या गावात स्वतःच्या जमिनीवर राहणारं कुटुंब एकच, आणि तेही भुसेवाल्याचं.

मग जंगल संपलं. यात कोणाला आश्चर्य वाटायचं कारण नव्हतं, कारण ते संपवण्याचाच तर पगार मिळत होता. तरी सगळ्यांना आश्चर्य वाटलं. करवत थांबली, कंपनीने गाशा गुंडाळला आणि ट्रक भरभरून माणसं गेली. शाळेची घंटासुद्धा कोणीतरी खोलून नेली. ज्यांचं इथे काहीच नव्हतं ते चार भांडी आणि गाद्या घेऊन सुटले.

"आपणही निघू या," बायको म्हणाली. "लेक केव्हाची बोलावतेय."

"त्यांना जावंच लागतंय. आपल्याला कोण काढतंय?"

"कोणी काढत नाही म्हणून इथेच बसायचं का?"

"जावयाच्या घरी दोन दिवस पाहुणा म्हणून ठीक असतं गं. तिसऱ्या दिवशी आपल्यालाच आपलं ओझं वाटायला लागतं."

तिने हात टेकले. माणसं गेलेल्या गावात दोघं राहिली. शेळ्या होत्या, बटाटे पिकत होते, आणि गिरणीचं भंगार न्यायला दर शुक्रवारी एक ट्रकवाला यायचा, तो मीठ-साखर आणून द्यायचा. मॅनेजरच्या बंगल्यापासून मजुरांच्या खोल्यांपर्यंत सगळी घरं रिकामी, दारं वाऱ्यावर आपटतायत, आणि खाली एका घरात चूल पेटतेय, असा सगळा प्रकार होता.

त्या चुलीनेच घात केला. थंडीत चुलीतली राख मागच्या दारी बर्फाने निसरड्या झालेल्या वाटेवर टाकायची, म्हणजे पाय घसरत नाहीत, ही त्या गावाची जुनी सवय. वर खडकावर राहणाऱ्यांचं त्यात काही बिघडलं नाही. भुसेरावने जन्मभर तेच पाहिलं आणि तेच केलं. बायकोने एकदा टोकलं, "अहो, निखारे दिसतायत त्यात."

"बर्फात निखारा किती वेळ टिकणार?" म्हणून तो हसला आणि घमेलं उपडं करून आत आला.

पुढच्या हिवाळ्यात सगळं गाव पांढरं झालं, पण त्यांच्या अंगणात बर्फ ठरेना. पडला की विरघळायचा. घरातली जमीन कोमट लागायची. बायको संधिवाताचे पाय उघडे टाकून जमिनीवर बसायची आणि म्हणायची, "यंदा बाई माझे गुडघे काही म्हणत नाहीत." ट्रकवाल्याने तर तोंडात बोट घातलं. "काका, नशीब काढलंत तुम्ही! एवढ्या थंडीत अंगण कोरडं!"

"स्वतःची जागा आहे बाबा," भुसेराव म्हणाला. त्या हिवाळ्यात तो जितका सुखी होता तितका आयुष्यात कधी नव्हता, आणि हे लिहितानासुद्धा जीव तुटतो.

थंडी सरल्यावर कुंपणाचा एक खांब कलला. सरळ करावा म्हणून त्याने तो ओढला, तर सहज हातात आला. खालचं टोक काळं कोळसा झालं होतं आणि खड्ड्यातून धूर येत होता. त्याने खड्ड्यात हात घातला आणि चटकन बाहेर काढला. सगळं त्याच्या एकदम ध्यानात आलं. उभी हयात घालून जी जमीन त्याने भरली, ती त्यानेच पेटवली होती. तो खांब मांडीवर घेऊन तिथेच बसून राहिला. बायकोने विचारलं तेव्हा त्याने फक्त हात दाखवला. तिने भाजलेल्या बोटांवर गार पाणी ओतलं. बोलली असती तर त्याला बरं वाटलं असतं.

मग बादल्या सुरू झाल्या. नदीवरून पाणी आणायचं आणि धूर दिसेल तिथे ओतायचं. इथे ओतलं की तिथून वाफ यायची, तिथे ओतलं की चुलीखालून. भुसा भडकत नाही, आतल्या आत धुमसत राहतो. पावसाळ्यावर त्याची मोठी भिस्त होती. पाऊस आला, धो धो पडला, आणि धूर थोडा दाट झाला, एवढंच. बायकोला खोकल्याची उबळ यायला लागली. एक दिवस तिने गादी गुंडाळली आणि वर मॅनेजरच्या बंगल्यात जाऊन राहिली.

"ते आपलं नाही," तो दारात उभा राहून म्हणाला.

"मग कोणाचं आहे? जा, विचारून या कोणाला तरी."

जेवायला तो तिच्याकडे जायचा. पाहुण्यासारखा बाहेर पाय पुसायचा, खाली मान घालून जेवायचा, आणि "बरं, येतो" म्हणून परत आपल्या धुरात. नवराबायकोचा हा असला संसार त्या ओसाड गावात कित्येक महिने चालला.

घर गेलं ते भर दुपारी, तो वर जेवत असताना. आवाजही फारसा झाला नाही. दोघं व्हरांड्यात आली तोवर चुलीची खोली खाली गेली होती; मग मागची भिंत वाकली, छप्पर एका अंगाला घसरलं आणि सगळं हळूहळू आत बसत गेलं. तो धावत सुटणार होता. तिने त्याचा शर्ट दोन्ही हातांनी धरून ठेवला. "जेवायला आलात म्हणून वाचलात," ती म्हणाली. तो तिच्या खांद्यावर डोकं ठेवून लहान मुलासारखा रडला.

तो शांत झाल्यावर ती म्हणाली, "शुक्रवारी ट्रक येईल. मी लेकीकडे चालले. तुम्ही चला. नाही आलात तरी मी जाणार. मला श्वास पुरत नाही हो आता."

"येतो," तो म्हणाला. आणि खरंच सांगतो, तो मनापासून म्हणाला.

शुक्रवारी तो सगळ्यांत आधी तयार होता. गादी, पेटी, दोन पातेली त्याने स्वतः ट्रकवर चढवली. शेळ्या ट्रकवाल्याने विकत घेतल्या होत्या, त्या मागे बांधल्या. पुढे ट्रकवाल्याशेजारी बायको, तिच्याशेजारी खिडकीला तो. गाव संपताना वाट त्या जागेच्या कडेने जायची. कुंपण अजून तीन बाजूंनी उभं होतं आणि फाटक वाऱ्याने सताड उघडं पडलं होतं.

"जरा थांब रे," तो म्हणाला. "फाटकाला कडी लावून येतो."

"अहो, आत काय आहे?" बायकोने त्याचा हात धरला.

"काही नाही. पण उघडं बरं दिसत नाही."

तिने हात सोडला. त्याने जाऊन फाटक ओढलं, कडी घातली, हलवून पाहिली. वळणार तोच कुंपणाच्या कोपऱ्यात, जिथे कालपर्यंत काही नव्हतं, तिथे धुराची एक बारीक रेघ दिसली. बादली तिथेच पडलेली होती आणि नदी काही लांब नव्हती. एक बादली ओतू आणि निघू, त्याने मनाशी म्हटलं. पहिल्या बादलीने धूर बसला. मग शेजारून निघाला.

ट्रकचा हॉर्न वाजला. "आलो!" तो नदीवरून ओरडला. पुन्हा वाजला, लांबलचक. "आलो, आलो!" तो भरलेली बादली घेऊन वर येईपर्यंत गाडी सुरू झाल्याचा आवाज आला. त्याने पाहिलं, खिडकीशी आता बायको सरकून बसली होती. ती पाहत होती, पण त्याला हाक मारत नव्हती. ट्रक वळणापर्यंत अगदी सावकाश गेला. धावला असता तर त्याने सहज गाठला असता.

बादली खाली ठेवायची एवढंच होतं.