दहा मिनिटांचं भाषांतर

"मॉम पास्ड," कारिन फोनवर म्हणाली आणि मी उत्साहाने ओरडलो, "काँग्रॅच्युलेशन्स!"

कारिनची आई, आमची शेजारीण हेल्गा, अमेरिकन नागरिकत्वाच्या परीक्षेचे प्रश्न आमच्याच स्वयंपाकघरात बसून पाठ करायची. मला वाटलं, बाई पास झाली. पलीकडून हुंदका ऐकू आला, तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला: इथे 'पास्ड' म्हणजे वारली. पाच आठवडे झाले... आठवलं की अजून कान तापतात.

हेल्गा जर्मन. तिकडे ती सिनेमाच्या पटकथा लिहायची. बंद पडलेल्या गिरणीच्या गावातल्या बायका, परक्या देशातून शिवणकामाला आलेल्या बायका, असे तिचे विषय. लेकीपाठोपाठ ती इथे ओहायोतल्या डब्लिनला आली, तर मक्याच्या शेतांवर घरं उगवलेली आणि घराघरात दिवसभर एकेकटी बाई. "ह्या खिडक्यांच्या आत काय चालतं?" हे तिचं कुतूहल. २००३च्या हिवाळ्यात ती टेपरेकॉर्डर घेऊन आमच्याकडे आली. बाहेर बर्फ, आत चहाची वाफ, आणि त्या दुधाळ उजेडात माझी बायको सुनंदा बोलत राहिली, जणू झोपेतच. गावी ती कॉलेजात केमिस्ट्री शिकवायची. इथे डिपेंडंट व्हिसावर नोकरीची परवानगी नव्हती. "हे ऑफिसला गेले की मी फ्रिजशी बोलते. तो निदान गुरगुरतो तरी..." अशी दहा मिनिटं, मराठीत. दुभाष्या अर्थात मी.

"शी सेज, शी इज हॅपी हिअर."

हेल्गाने चष्म्यावरून पाहिलं. "दहा मिनिटांचं एवढंच?"

"मराठी जरा लांबलचक भाषा आहे," मी म्हणालो.

ती हसली. पण पुढच्या मंगळवारपासून मी ऑफिसला गेल्यावरच यायला लागली. दोन वर्षांनी तिचा छोटा सिनेमा लायब्ररीच्या हॉलमध्ये दाखवला. त्यात एक बाई फ्रिजशी मराठीत बोलते, बोलतच राहते. खाली इंग्रजी भाषांतराची अक्षरं नाहीत. मग नवरा आत येऊन सांगतो, "शी इज हॅपी हिअर." सगळे हसले. सगळ्यांत आधी मी हसलो... आणि सगळ्यांत आधी मीच थांबलो.

मंगळवारी सुनंदा अजून खिडकीजवळची हेल्गाची खुर्ची ओढून ठेवते. चहा मात्र एकच कप करते.

परवा कारिनच्या घरी आम्ही हेल्गाच्या आठवणींसाठी जमलो. सुनंदाचं इंग्रजी आता माझ्यापेक्षा बरं आहे. तरी ती उभी राहिली आणि मराठीत बोलू लागली. "अहो, सांगा सगळ्यांना," एवढंच मला म्हणाली.

मी सांगत गेलो. एकेक वाक्य, काही न गाळता. शेवटी ती म्हणाली, "हेल्गाने मला प्रश्न विचारला आणि उत्तर संपेपर्यंत ती थांबली. तोवर असं कुणी थांबलं नव्हतं. माझा नवरासुद्धा." तेही मी जसंच्या तसं सांगितलं.

परतताना गाडी मी चालवत होतो. रस्त्याकडेची घरं धुक्यात तरंगत मागे जात होती. मग खिडकीबाहेर बघतच सुनंदा म्हणाली, "तुम्ही पास... पण काठावर हं."