सलामीत संपलेली फीत

दिगूकाका बोलायला लागले की त्यांचा उजवा हात पोटापाशी गोल गोल फिरायचा. अगदी जेवतानासुद्धा. पेटीचा दांडा फिरवायची सवय, दुसरं काय! खोताच्या वाडीच्या तोंडाशी त्यांचं फोटोचं दुकान. विलायतेहून हलत्या चित्रांची पेटी आली आणि काका वेडेच झाले. नाटक नको, मिरवणूक नको, चित्र काढायचं ते फक्त मारामारीचं. म्हणायचे, "उभ्या माणसाचे फोटो वीस वर्षं काढले. आता कोणीतरी कोणाला तरी हाणलंच पाहिजे."

हाणायला आम्ही होतो ना. मी परळला गिरणीत साच्यावर, म्हणजे मागावर, आणि पाळी सुटली की वस्तादांच्या तालमीत दांडपट्टा शिकायचो. एका सुट्टीला काका पेटी घेऊन तालमीत हजर.

आता गंमत ऐका. एक फीत चालते जेमतेम मिनिटभर. काकांनी "हं, चला" म्हणून दांडा फिरवायला घेतला. वस्तादांनी मारुतीला हात जोडले, माती कपाळाला लावली, पट्टा डोळ्यांना लावला, चारी दिशांना सलामी दिली, मी त्यांच्या पाया पडलो, त्यांनी पहिला वार उचलला, आणि काका म्हणाले, "संपली."

"काय संपली?" वस्तादांनी विचारलं.

"फीत. सगळी तुमच्या पूजेत गेली. फीत काय माझ्या सासऱ्याची आहे?"

दुसऱ्या फितीवर कुस्ती घेतली. दोघे पैलवान एकमेकांच्या मानेवर हात टाकून जे उभे राहिले ते हललेच नाहीत. चित्र पडद्यावर पाहून तालमीतली पोरं म्हणाली, "काका, पेटी अडकली वाटतं."

उरली एकच फीत. नवी बोटीनं यायला दोन-तीन महिने, आणि परळच्या मैदानात तंबू ठोकून लढाई दाखवणार असं काका गावभर सांगून बसलेले. ते वस्तादांना म्हणाले, "सलामी आधी उरका, मग मी दांडा फिरवतो."

"आणि बघणारे काय म्हणतील? सलामी न देताच हात उचलला? त्यापेक्षा फोटोवाले, तुम्ही कोंबडे लढवा."

तीन दिवस दोघं बोलेनात. निरोप मी न्यायचो, शिव्या दोघांच्या खायचो. चौथ्या दिवशी काका तालमीच्या दारात उभे राहिले. "वस्ताद, चित्रात लढा. सलामी तंबूत द्या, पडद्यासमोर, स्वतः."

"रोज?"

"रोज."

"मग चालेल."

आणि काय लढलो आम्ही! पहिल्या खेळाला वस्तादांनी आरामात सलामी दिली, बाजूला झाले, आणि पडद्यावर तेच वस्ताद पट्टा फिरवत माझ्या अंगावर. शीवच्या कोळीवाड्यातली एक मावशी पुढेच बसलेली. म्हणाली, "ह्यो हितं उभा, मग थितं कोन?"

"तिथला थांबत नाही मावशी," काका म्हणाले. "काय ते इथल्याला विचारा."

तिसऱ्या आठवड्यात वस्तादांना ताप भरला. तंबू गच्च. सलामी मी देतो म्हटलं तर काकांनी मला मागे सारलं. "वचन मी दिलंय." धोतर खोचून पडद्यासमोर गेले. माती लावली, दिशा मोजत मोजत सलामी दिली, एक दिशा चुकली म्हणून पुन्हा पहिल्यापासून. लोक आधी हसले, मग टाळ्या.

खेळ सुटल्यावर मी वस्तादांकडे धावलो, काकांनी सलामी दिली म्हणून सांगितलं. त्यांनी गोधडीतून तोंड काढलं. "किती वेळ घेतला रे?"

"तुमच्यापेक्षा जास्त."