फाटकासमोरचा पहारा

बेळगोळच्या बसची वाट बघताना ते मला रोज दिसत. पल्टणीतून निवृत्त झालेले, पांढऱ्या मिशा, चकचकीत बूट. समोरच्या बंगल्याच्या फाटकाकडे तोंड करून ताठ उभे. त्या बंगलेवाल्याने त्यांच्या मुलाला गाडीखाली चिरडलं होतं आणि कोर्टातून तो सुटला होता. त्याची गाडी बाहेर पडली, की हे कडक सॅल्यूट ठोकत. बाकी काही नाही. त्याने काचा काळ्या करून घेतल्या, आणि शेवटी गावच सोडलं.

फाटकाला कुलूप लागलं, तरी हे उभेच.

न राहवून मी म्हटलं, “काका, पळाला तो. आता घरी जा ना.”

“नोडी अक्का, हे बघा,” फाटकावरची नजर न हलवता ते म्हणाले, “पहाऱ्यावरनं पुढचा गडी आल्याशिवाय हलायचं नसतंय. माझ्या जागी यायचा तो पोरगाच होता की.”