बोंबलाच्या डब्यातल्या बाटल्या

ऑक्टोबरचा पहिला मंगळवार. सकाळचं काम : साखरेच्या बाटल्या ओतणे.

मारामारीत डोक्यावर फुटते ती बाटली काचेची नसते. साखरेचा कडक पाक करून साच्यात ओततात. मालिका-सिनेमांना असल्या बाटल्या, खोटं रक्त, धूर करून देणं हा माझा धंदा. फक्त आमच्या समुद्रकाठच्या नरपडची खारी, दमट हवा साखरेला टिकू देत नाही. सोमवारी अच्छाडच्या ढाब्यावर खलनायकाने नायकाच्या डोक्यात बाटली घातली, ती फुटलीच नाही. वाकली आणि केसांना चिकटून बसली. सगळे हसले, दिग्दर्शक सोडून.

"ताई, बुधवारी फुटली नाही तर मुंबईचा माणूस बोलावतो. पुढचं सगळं काम त्यालाच."

घरात कोरडी जागा एकच : सासूबाईंचा सुक्या बोंबलांचा पत्र्याचा डबा. भर पावसात मिठाचं पाणी होतं, पण त्या डब्यातला बोंबील कडकडीत राहतो.

"माझ्या डब्यात दारूच्या बाटल्या?"

"साखर आहे, आई."

"मग मुंग्या लागतील. आणि बोंबील कुठे ठेवू, तुझ्या कपाटात?"

शेवटी बोंबील पातेल्यात गेले. मी डबा पुसला, बाटल्या कागदात गुंडाळून आत ठेवल्या. वासाचा विचार कोणाच्या मनात आला नाही. आमच्या घरात त्याला वास म्हणतच नाहीत.

बुधवारी डबा मांडीवर घेऊन जीपमध्ये बसले. शेजारच्या बाईने विचारलं, "कसे दिले?"

"विकायचे नाहीत. शूटिंगच्या बाटल्या आहेत."

तिने डब्याचा वास घेतला आणि तलासरी येईपर्यंत तोंड फिरवून बसली.

ढाब्यावर बाटली खळ्ळकन फुटली. माझा जीव भांड्यात पडला. नायक बेशुद्ध होऊन तुकड्यांत आडवा. कॅमेरा हळूहळू त्याच्या चेहऱ्याजवळ जायचा होता, पण त्याआधी ढाब्याचं मांजर पोचलं. त्याने नायकाचं डोकं हुंगलं आणि निवांत चाटायला सुरुवात केली. नायक पक्का शाकाहारी. नाकपुड्या थरथरत होत्या, पण डोळे उघडले नाहीत. मी मनात नवीन धंदा शोधायला लागले.

"कट!"

नायक ताडकन उठला. "माझ्या डोक्यात काय फोडलंत? मासा?"

दिग्दर्शकाचं लक्षच नव्हतं. "बेशुद्ध माणूस, आणि जवळ फक्त एक मांजर! काय शॉट आहे! ताई, मांजर तुम्ही आणलंत?"

मी ढाब्याच्या मालकाकडे पाहिलं. तो भजी तळत होता.

"हो," मी म्हटलं.

"मग उद्याही आणा. हाच सीन दुसऱ्या बाजूने घेऊ. मुंबईच्या माणसाचं राहू दे."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी सासूबाईंकडून मूठभर बोंबील मागून घेतले, बारीक कुटले आणि उरलेल्या बाटल्यांना हलक्या हाताने चोळले.