खिशातला हात

परशराम बावन्न वर्षांचा. बेळगावच्या एका कारखान्यात लेथवर काम करी आणि वडगावात, यंत्रमागांच्या खडखडाटात, एका खोलीत राही. बायको वारल्यापासून चार वर्षं त्या खोलीत बोलत होता तो फक्त मोबाईल. जेवताना तो पाण्याच्या तांब्याला टेकून उभा असे, झोपताना उशाशी. रात्री काय पाहिलं ते सकाळी आठवत नसे.

त्याचं गाव जांबोटीपासून पुढं दीड तास चालत. दर तीन वर्षांनी माघात देवीसाठी ते गाव रिकामं होतं. चुली विझवून, दारांना कड्या घालून, गुरांसकट सगळ्यांनी तीन दिवस रानात राहायचं. वेशीच्या आत कुणाचं पाऊल पडलं तर दिवस पुन्हा पहिल्यापासून मोजायचे. मोबाईल घरात ठेवायचे, हेही अलीकडं पंचांनी ठरवलेलं. चौथ्या सकाळी गावातली सगळ्यांत थोरली बाई पहिली चूल पेटवते आणि बाकीची घरं तिच्याकडून विस्तव नेतात. यंदा तो मान परशरामच्या आईचा, बाळाबाईचा होता. पुढचा फेरा आपल्याला दिसायचा नाही हे तिला ठाऊक होतं. म्हणून तिनं लेकाला बोलावून घेतलं होतं.

पहिल्या दिवशी दुपारपर्यंत तो दोनदा झोपून उठला. मग करायला काहीच उरलं नाही. झाडं होती, ती नुसती उभी होती. एक पक्षी एकाच सुरात ओरडत होता. परशराम ऊन मोजत बसला. ऊन हलत नव्हतं. हात आपोआप खिशाकडं जायचा आणि रिकामा परत यायचा. शेजारच्या मालुबाईनं ते पाहिलं. “खिशात इंचू शिरलाय काय रं, परशराम?” बाया हसल्या. तोही हसला.

बाळाबाई मात्र बोलत होती. कुठल्या खाचराला काय नाव, तो जन्मला त्या वर्षी भात कसं कुजलं, बापानं मरताना काय मागितलं. तो ‘व्हय, व्हय’ म्हणत राहिला. मधेच तिनं बोलणं थांबवलं, तेव्हाही तो ‘व्हय’ म्हणाला.

दुसरा दिवस पहिल्याहून लांब होता. बाहेर जगात काही घडतंय आणि आपण त्यातून पुसले गेलोय, असं वाटत होतं. तिसऱ्या दिवशी दुपारी लाकडं आणतो म्हणून तो उठला आणि मागच्या पाणंदीनं गावात शिरला. ओस गल्लीतून घरात गेला, फडताळातून मोबाईल काढला. रेंजची एक रेघ होती. तीन निरोप आले होते, तिन्ही जाहिराती. तरी तो उंबऱ्यावर बसून स्क्रीन वर सरकवत राहिला.

वेशीबाहेर चुकलेली रेडी शोधत असलेल्या गावातल्या मष्णूनं त्याला बाहेर पडताना पाहिलं.

मष्णूनं सांगितल्यावर पंच भरमूअण्णांनी सगळ्यांसमोर परशरामला विचारलं, गावात का शिरलास. तेवढ्यात बाळाबाई काठी टेकत उभी राहिली.

“मीच धाडलतं त्येला. गोळ्या ऱ्हायल्या हुत्या घरात.”

“मग गोळ्या कुठं हाईत, आक्का?”

परशरामचा हात खिशात गेला. मोबाईल त्याच्या मुठीत होता.

भरमूअण्णा म्हणाले, नेम मोडणारीच्या हातानं चूल पेटत नसते. मान तिच्या खालोखाल थोरल्या मालुबाईला गेला. दिवस पुन्हा पहिल्यापासून सुरू झाले. शहरात नोकरी करणाऱ्यांच्या रजा बुडाल्या, तान्ही पोरं थंडीनं खोकू लागली. परशरामला कुणी शिवी दिली नाही. बाया बाळाबाईजवळून चटया उचलून पलीकडं गेल्या.

“आये, मी खरं सांगतो त्यास्नी,” तो दुसऱ्या दिवशी म्हणाला.

“तवा का न्हाय सांगितलंस?”

तो वाळलेली काटकी मोडत बसला.

“काय बगितलंस रं त्यात?” तिनं विचारलं. आवाजात राग नव्हता.

“काय न्हाय.”

“काय तर असंलच की.”

तो आठवत राहिला. पण तिला सांगण्यासारखं एकही चित्र सापडेना.

शेवटच्या सकाळी मालुबाईच्या दारात बाया विस्तव न्यायला खापरं घेऊन उभ्या राहिल्या. बाळाबाई सगळ्यांच्या मागं होती. तिची पाळी आली तेव्हा निखारे राखेत दडले होते. मालुबाईनं चिमट्यानं उकरून दोन दिले. परशरामनं खापरासाठी हात पुढं केला. बाळाबाईनं ते त्याच्याकडं दिलं नाही. काठी काखेत धरून, दोन्ही हातांनी खापर सांभाळत, फुंकर घालत ती एकटीच घराकडं चालू लागली. तो चार पावलं मागं राहिला.