ओली कणीक

भुताखेतांच्या गोष्टी मी वाचत आले, विश्वास कधी ठेवला नाही. शाळेच्या ग्रंथालयात नोकरी झाली. पुस्तक फळीवरून हललं तर ते कुणीतरी हलवलेलं असतं, एवढंच मला ठाऊक होतं. त्यामुळे इथे फक्त जे झालं ते लिहिते...

मालवणहून कसालकडे जाताना आत वळलं की आमची वाडी. माझा नवरा मोहन देवळातल्या सोमवारच्या भजनात पखवाज वाजवायचा. वाजवण्याआधी पखवाजाच्या डाव्या तोंडाला ओली कणीक थापतात, तेव्हाच खर्ज लागतो; वाजवून झालं की ती खरवडून काढतात. ती मूठभर कणीक तो स्वतःच मळायचा. मी शेजारी वाचत बसायचे. भजनाला कधी गेले नाही.

वैशाखात तो गेला. मला रडू आलं नाही. पेज करायची, खायची. पिठाला कीड लागली तेव्हा डबा रिकामा करून पालथा घातला.

श्रावणात एका सोमवारी संध्याकाळी, देवळात जाता जाता, भजनाचे बुवा आले.

"साखर डॉक्टरान बंद केल्यान हा, वयनी. म्हणान दोनच चमचे घाला."

चहा पिऊन झाल्यावर म्हणाले, "वाजवल्याशिवाय ऱ्हवला की चामडा मरता. पखवाज देवळात देतलात? माझो पुतण्यो वाजवतलो."

"न्या," मी म्हटलं. मोहनची तेवढी एकच वस्तू मला ठेवायची होती. पण नाही म्हणायला जोर लागतो.

फळीवरून पखवाज उतरवला. कापडी गवसणीची गाठ मोहनच्या हातची, तशीच होती. बुवांनी ती सोडली.

डाव्या तोंडावर कणीक होती. ओली. मधोमध अंगठ्याचा खळगा.

"तुमी लावलात?"

"नाही."

"मगे कोणी?"

मी पालथ्या डब्याकडे बघत राहिले. बुवांनी हळूच थाप मारली. खर्ज घरभर गेला... त्यांनी हात मागे घेतला.

"ऱ्हवांदे हयच, वयनी."

ठेवता आला असता.

"नको," मी म्हटलं. "सुकायच्या आत न्या." आणि चपला घालून त्यांच्या मागून गेले. भजनभर खांबाला टेकून बसले. शेवटी कणीक मीच खरवडून काढली.

ती कुणी लावली, ते आजही कळलेलं नाही. मोहन होता असं मी म्हणणार नाही — नव्हता असंही लिहवत नाही.

आता सोमवारी मी कणीक मळून देवळात नेते. बुवा बोटाने दाबून बघतात.

"सैल झाली, वयनी. त्या दिवसाची कशी बरी होती."

"ती माझी नव्हती," मी म्हणते.

ते टाळ उचलतात.