बोकडाचे डोळे आणि चाचांचा पाय

पीएच.डी.च्या दिवसांत मी दिल्लीतल्या मुनिरक्यात चौथ्या मजल्यावर राहायचे आणि आठवड्यातून दोनदा सकाळी बोकडाचे डोळे आणायला जायचे. रक्तातली साखर वाढली की शरीरातलं एक एन्झाइम तिचं सॉर्बिटॉल नावाचं द्रव्य करतं. ते डोळ्यांच्या भिंगात आणि नसांमध्ये साचून नुकसान करतं, असं मानतात. त्या एन्झाइमला अडवणारं औषध आमचा गट शोधत होता. तपासणीसाठी आधी एन्झाइम लागायचं आणि ते बोकडाच्या भिंगातून मिळायचं. आईला फोनवर मी फक्त 'सॅम्पल आणायला जाते' एवढंच सांगायचे.

खाटीक साठीचे होते. मी त्यांना चाचा म्हणायचे. ते डोळे वेगळे काढून बर्फाच्या डब्यात घालून द्यायचे आणि मागच्या डोळ्यांचं काय झालं, हेही विचारायचे.

जानेवारीतल्या एका सकाळी दुकानाच्या फरशीवर रक्त होतं. खाटकाच्या दुकानात त्याचं काय विशेष, म्हणून मी लक्ष दिलं नाही. मग दिसलं, की चाचा जिथे जातील तिथे ताजे ठसे उमटताहेत. हाडाचा एक तुकडा रबरी चप्पल फोडून त्यांच्या तळव्यात घुसला होता.

"चाचा, तुमच्या पायातून रक्त येतंय."

त्यांनी दुसऱ्या कुणाचा असावा तसा स्वतःचा पाय पाहिला. "लागलं असतं तर मला कळलं नसतं का?" ते हिंदीत म्हणाले.

मधुमेहात पाय बधिर होतात, हे वाक्य मी माझ्या संशोधनाच्या प्रस्तावात किती वेळा लिहिलं होतं. तसा पाय मात्र पहिल्यांदाच बघत होते.

मी त्यांना रिक्षाने दवाखान्यात नेलं. साखर भलतीच वाढलेली निघाली. गोळ्या त्यांनी बरं वाटतंय म्हणून केव्हाच सोडल्या होत्या. डॉक्टरांनी त्या पुन्हा सुरू केल्या, चप्पल बंद करून बूट घालायला सांगितले आणि रोज आरशात तळवे बघायला लावले.

ड्रेसिंग चालू असताना ते म्हणाले, "तुझं ते औषध मलाच दे की."

ते अजून काचेच्या नळीतच आहे, माणसांना देता येत नाही, असं मी सांगितलं.

"मग तोवर काय?"

"तोवर आरसा."

महिन्याभरात जखम भरली. पुढे आमच्या औषधाने नळीत एन्झाइम अगदी छान अडवलं, पण उंदरांच्या नसांवर काही फरक दिसला नाही. दोन दिवस मला जेवण गेलं नाही. गाईड म्हणाल्या, जे दिसलं तेच लिही. मी लिहिलं आणि लिहिता लिहिता बरं वाटायला लागलं. चाचांनी विचारलं, एवढे डोळे फुकट गेले का? मी म्हटलं, नाही, आता दुसरं कुणी याच वाटेने जाऊन वेळ घालवणार नाही. ते त्यांना पटलं.

आता मी नोएडात नोकरी करते. अधूनमधून मेट्रोने मुनिरक्याला जाते. चाचा दुकानातल्या स्टुलावर मला बसवतात, चहा मागवतात आणि साखरेचा नवा रिपोर्ट माझ्या हातात देतात. मागच्या वेळचा आकडा चांगला होता. मी तसं म्हणाले, तर त्यांनी मला तो शेजारच्या शिंप्यालाही वाचून दाखवायला लावला.